फोटोतला पांढरा भाग

“हजारभर पोरं माझ्या मांडीवरून परदेशी गेली, पण तोंड एकाचंही बघितलं नाही, मला त्यांची वजनं तेवढी माहीत.”

हे ती एकदा म्हणाली होती, दुपारच्या डब्याचं झाकण दाबून बसवता बसवता. पासपोर्ट कचेरीच्या समोर, जिन्याखाली जो फोटोचा गाळा आहे, तिथे ती नऊ वर्षं कामाला होती. तिच्या कामाला नाव नव्हतं. फोटोवाला तिला मावशी म्हणायचा. कचेरीतले कारकून चादरमावशी म्हणायचे, आणि ती ओ द्यायची.

तान्ह्या मुलाच्या पासपोर्टला फोटो लागतो, आणि त्या फोटोला मोठ्या माणसाचेच नियम असतात. मागचा भाग पांढरा हवा. दोन्ही कान दिसायला हवेत, डोळे उघडे, तोंड मिटलेलं, आणि दुसऱ्या कुणाचं बोटसुद्धा दिसता कामा नये. पाच महिन्यांचं मूल एकटं बसत नाही. आईच्या मांडीवर दिलं, तर ते सारखं वळून आईकडेच बघतं. तिच्या अंगाचा वास त्याला मागे ओढतो. म्हणून मावशी. ती आधी स्टुलावर बसायची, मग फोटोवाला तिच्या डोक्यावरून थेट पायाच्या अंगठ्यापर्यंत पांढरी चादर सोडायचा. त्या पांढऱ्या ढिगावर आई आपलं मूल आणून ठेवायची. मुलाला वाटायचं, खुर्ची आहे. चादरीआडून दोन हात त्याची कंबर धरायचे, फोटोवाला किल्ल्यांचा जुडगा वाजवायचा, मूल समोर बघायचं, आणि संपलं. चादरीतून मावशीचं डोकं बाहेर येईपर्यंत आई मुलाला घेऊन बाहेरच्या बाकावर गेलेली असायची.

या कामासाठी तिने स्वतःतलं बरंच काही काढून टाकलं होतं. हातात काही घालायची नाही. किणकिण झाली की मूल वळतं. केसांना तेल नाही, साबण बिनवासाचा, डब्यात कांदा नाही. खोकला आला तर गिळायचा. चादरी दोन होत्या. एक वापरात, एक गाळ्यामागच्या तारेवर. त्या ती स्वतः उकळत्या पाण्यात बुडवून काढायची आणि नीळ मुळीच घालायची नाही. नीळ घातलेली चादर डोळ्याला पांढरी दिसते, फोटोत मात्र निळसर येते, आणि खिडकीवरून फोटो परत. नऊ वर्षांत तिने धरलेल्या एकाही मुलाचा फोटो परत आला नव्हता.

“मावशी, तुमचा एक फोटो काढू या की कधीतरी,” फोटोवाला म्हणायचा.

“मी असतेच की प्रत्येक फोटोत,” ती म्हणायची. “पांढरा भाग सगळा माझा.”

तिची मुलगी परदेशात म्हाताऱ्या माणसांच्या एका निवासात काम करते. त्यांना आंघोळ घालते, भरवते, कुशीवर वळवते. बाळंतपणाला ती इकडे आली, दहा आठवडे राहिली, आणि रजा संपली तशी दूध आटायच्या गोळ्या घेऊन परत गेली. “सहा महिने, आई. फार तर सहा. मग आम्ही त्याला घेऊन जाऊ.” तिकडचे कागद हलले नाहीत. सहाचे आठ महिने झाले.

पोराला घरी ठेवायला कुणी नव्हतं, म्हणून मावशीने त्याला गाळ्यात आणायला सुरुवात केली. फोटोच्या कागदाच्या रिकाम्या खोक्यात जुनी चादर अंथरली आणि खोका प्रिंटरच्या बाजूला ठेवला. प्रिंटरची घरघर सुरू झाली की तो झोपायचा, थांबली की उठायचा. फॉर्मावर त्याचं नाव चांगलं भारदस्त होतं, पण त्या नावाने हाक मारली तर तो बघायचासुद्धा नाही. मावशी त्याला ढब्बू म्हणायची. ढब्बू, ढब्ब्या, चिडली की ढब्बूराव.

खोक्यात बसायला लागल्यापासून तो दिवसभर एकच खेळ बघत आला होता. आजी स्टुलावर बसते. तिच्यावर चादर पडते, आजी नाहीशी होते. कुणाचं तरी पोर तिथे येतं, उजेड चमकतो, पोर जातं. चादर वर होते, खाली आजी. पहिल्यांदा तो रडला. दुसऱ्यांदा घाबरून बघत राहिला. मग त्याला कळलं, आणि चादर उठली की तो खोक्याच्या कडा धरून खिदळायला लागला. बाकांवर बसलेल्या बायकासुद्धा हसायच्या. बाकीच्या सगळ्या मुलांच्या लेखी ती खुर्ची होती. चादरीखाली कोण आहे हे फक्त त्याला माहीत होतं.

शेवटी तिकडचे कागद झाले आणि जावई पोराला न्यायला आला, दोन आठवड्यांची रजा घेऊन. माणूस भला, कमी बोलणारा, बॅगेत लंगोटांचे चार पुडे आणि एक लोकरीची टोपी, जी पोराच्या डोक्याला लहान झाली. पोर त्याच्याकडे बघून ओठ काढायचं. त्याने हात पुढे केला की मावशीच्या मानेत तोंड खुपसायचं.

“होईल सवय,” मावशी म्हणाली.

“मीच अजून मोठा दिसतोय त्याला,” जावई म्हणाला. “तिकडे थंडीत जाड कोटांत सगळेच मोठे दिसतात. तेव्हा चालून जाईल.”

हा त्याचा विनोद होता. ती हसली, कारण कुणीतरी हसायला हवं होतं.

कचेरीत पोराच्या अंगठ्याचा ठसा द्यायचा होता. जावई घामाघूम झाला; मूठ काही उघडेना. मावशीने मुठीच्या मागच्या बाजूने मनगटाकडे एक बोट हलकं फिरवलं, आणि मूठ आपोआप सुटली. “ओढायचं नसतं,” ती म्हणाली. “मागून सांगायचं.” शाईचा छोटासा ठिपका फॉर्मावर उमटला. आईबापांच्या संमतीचे कागद जोडलेले होते, जन्माचा दाखला होता, सगळं होतं. फोटो तेवढा राहिला.

तो काढायला गेले तेव्हा पहिल्यांदाच त्या गाळ्यात काम अडलं. मावशी स्टुलावर बसली, चादर पडली, जावयाने पोराला तिच्या मांडीवर ठेवलं. पोराने क्षणभर समोर बघितलं, आणि मग उलटा फिरून दोन्ही हातांनी चादर ओढली. खाली आजी. तो खिदळला. पुन्हा चादर, पुन्हा तेच. फोटोवाल्याने किल्ल्या वाजवल्या, शिट्टी मारली, टोपी उडवली, एकदा तर भुंकला. एकोणचाळीस फोटो झाले. अडतिसांत पोराचं डोकं मागून दिसत होतं. एकोणचाळिसाव्यात तो समोर बघत होता, तोंड मिटलेलं, कान दोन्ही. चादर डाव्या बाजूने घसरली होती, पण फोटोवाला म्हणाला, तेवढं मी कॉम्प्युटरवर साफ करतो.

दुसऱ्या दिवशी तीन नंबरच्या खिडकीवरच्या कारकुनाने तो फोटो डोळ्यांजवळ नेला.

“चादरमावशी, हे काय?”

“काय?”

“कानामागे. बोट आहे. तुमचंच ना हे?”

तिने बघितलं. पोराच्या डाव्या कानामागे चण्याएवढा एक फिकट तुकडा होता. नखाची कडा दिसत होती.

“नऊ वर्षांत तुमचं कधी काही दिसलं नाही,” कारकून म्हणाला. त्याला खरंच वाईट वाटलं होतं. “नातवाच्या फोटोतच आलात होय? मला हा घेता येणार नाही, मावशी. मी सोडला तरी वरचा पकडेल.” मग जावयाला: “चारपर्यंत खिडकी उघडी आहे. नवीन काढून आणा, हाच पुसून चालणार नाही, मी लगेच चढवतो. चारनंतर पुढची तारीख तीन आठवड्यांची.”

जावयाचं तिकीट नऊ दिवसांनंतरचं होतं. पासपोर्ट हातात यायला सात दिवस लागतात. पायऱ्या उतरताना त्याने हे दोन्ही आकडे दोनदा मोठ्याने म्हटले, कुणीतरी चूक काढेल अशा आशेने.

“आज झालं नाही तर?” मावशीने विचारलं.

“तर मी एकटा जाईन. पुढची रजा दीड वर्षाने.”

दीड वर्ष. रस्ता ओलांडताना तिने पोराला या कडेवरून त्या कडेवर घेतलं. आठ किलो आणि वर दोनशे ग्रॅम. काट्याची तिला गरज नव्हती. दीड वर्षाने तेरा किलो. मधले पाच किलो तिचे असते. चालणं, पडणं, पहिला शब्द, दाराच्या कडीपर्यंत पोचणारा हात. तिने काही मागितलं नव्हतं. कानामागच्या एका बोटाने ते तिच्यासमोर आणून ठेवलं होतं, आणि आता ते नको म्हणायला तिला तोंड उघडावं लागणार होतं.

गाळ्याच्या दाराशी जावई थांबला.

“आई, एक विचारू?”

“विचारा.”

“तुम्ही मुद्दाम नाही ना केलंत?”

बाकावर एक बाई मुलाला बाटलीने दूध पाजत होती. मावशीने तिच्याकडे बघितलं, मग आपल्या डाव्या हाताकडे. चादर घसरली तेव्हा हात आत ओढायचा असतो, हे त्या हाताला नऊ वर्षं माहीत होतं. काल तो ओढला गेला नव्हता.

“माहीत नाही,” ती म्हणाली.

जावयाला राग यायला हवा होता. तो नुसता बाकावर बसला आणि बुटाची नाडी सोडून पुन्हा बांधू लागला.

तेवढ्यात मुलीचा व्हिडिओ कॉल आला. ती निवासाच्या लांब व्हरांड्यात उभी होती, फिक्या हिरव्या कपड्यांत, केस टोपीखाली. मागे एक म्हातारी चाकाच्या खुर्चीत पाठ करून बसली होती. मुलीने विचारलं, झालं का. जावई म्हणाला, होतंय. मावशीने फोन पोरासमोर धरला. त्याने तो चाटला.

“आई, तो मला ओळखत नाही ना?”

“ओळखेल.”

“खोटं बोलतेस.”

“बोलते.”

मुलगी हसली आणि मग तिने तोंड बाजूला केलं. “त्याचा दुसरा दात मला कळलासुद्धा नाही गं. फोटोत बघितला. इथे सात जणींचे दात मी रोज काढते, धुते, घालते.” पलीकडे घंटी वाजली. “मला जायचंय. आई, त्याला धर ना गं नीट. तुझ्याइतकं कुणाला येतं?”

फोन बंद झाला. पडद्यावर पोराची लाळ राहिली होती. मावशीने ती पदराने पुसली आणि फोन जावयाकडे दिला.

“चला,” ती म्हणाली. “किती वाजले?”

“अडीच.”

फोटोवाला शरमलेला होता. बोट आपण पुसायला हवं होतं, असं तो तिसऱ्यांदा म्हणाला. मग त्याने कामाला हात घातला. मावशीच्या मांडीवर पोर देण्यात अर्थ नव्हता. जमिनीवर चादर पसरून त्यावर निजवून बघितलं. तान्ह्यांना ते चालतं, हा पालथा होऊन प्रिंटरकडे निघाला. बाकावरच्या बाईने स्वतःहून चादर अंगावर घेतली. पोराने चादरीला हात लावला, खालची बाई आपली नाही हे त्याला कुठून कळलं कोण जाणे, आणि त्याने असा टाहो फोडला की तिचंही मूल रडायला लागलं. पावणेतीन झाले. सव्वातीन झाले. पोराचे डोळे सुजले. मावशीने त्याला खांद्यावर घेतलं, तोंड पुसलं, थोपटलं. तो उचक्या देत शांत झाला.

एवढा वेळ ती काही बोलली नव्हती. कुणी तिला काही विचारलंही नव्हतं. आणखी पाऊण तास ती अशीच थोपटत राहिली असती, तरी तिला कुणी दोष दिला नसता. जावई भिंतीला टेकून घड्याळाकडे बघत होता. त्याचा चेहरा पडला नव्हता. तो आधीच परतीच्या विमानात एकटा बसल्यासारखा दिसत होता.

“तुम्ही बसा चादरीखाली,” ती त्याला म्हणाली.

“मी? माझ्याकडे तर तो येतच नाही.”

“तुम्ही दिसणार नाही. मी समोर उभी राहते, कॅमेऱ्याच्या मागे. मी समोर असले तर तो मागे वळणार नाही.”

फोटोवाल्याने तिच्याकडे बघितलं. “मावशी, हे आधी नाही सुचलं?”

“सुचलं होतं,” ती म्हणाली.

जावई स्टुलावर बसला. गुडघे फार वर आले. मावशीने स्वतः त्याच्यावर चादर सोडली, खांद्यावरची चुणी काढली, खाली बुटांची टोकं झाकली.

“आई, इथे श्वास कसा घेता?”

“थोडा थोडा.”

“काही दिसत नाहीये.”

“दिसायचं काही नसतं. हात कमरेला. दाबू नका. तो हलला की तुम्हीही त्याच्याबरोबर हला, ओढू नका. आणि बोलू नका.”

तिने पोराला त्या ढिगावर ठेवलं. त्याने खाली बघितलं, ओठ काढले. ती मागे सरकत सरकत गेली, त्याच्यावरची नजर न काढता, आणि कॅमेऱ्याच्या डोक्याआड उभी राहिली. तो रडला नाही. तो तिच्याकडे बघत होता. दोन्ही कान दिसत होते. मग तिच्याकडे बघून तो हसला, दोन दातांसकट.

उजेड चमकला. “दात आले,” फोटोवाला म्हणाला. “पुन्हा. मावशी, तुम्ही हसू नका.”

“मी कुठे हसतेय?”

“डोळ्यांनी हसताय.” नऊ वर्षांत काम चालू असताना त्याने तिचा चेहरा कधी बघितला नव्हता. “तुम्ही हसलात की तो हसतो. तोंड मिटायला हवं.”

पुन्हा उजेड. पुन्हा दात. चादरीखालून जावई खोल श्वास घेत होता आणि पोर त्या श्वासाबरोबर वरखाली होत होतं. भिंतीवरच्या घड्याळात साडेतीन वाजून पाच मिनिटं झाली होती.

मावशीने ओठ घट्ट केले. उपयोग झाला नाही. त्याला तो खेळ वाटला आणि तो आणखीनच खूश झाला. तिने कपाळाला आठी घातली. ती त्याची ओळखीची होती, तिला तो कधीच भ्यायला नव्हता. मग ती क्षणभर खाली बघत उभी राहिली. पायाखालची फरशी, तिच्यातली तडकलेली रेघ. तिने मान वर केली तेव्हा चेहऱ्यावर काही नव्हतं. रस्त्यात समोरून येणाऱ्या माणसाकडे आपण बघतो, बाजूला व्हायला, तशी ती त्याच्याकडे बघत होती. तिथे एक दहा महिन्यांचं मूल बसलेलं होतं. कुणाचं तरी.

पोराचं हसू थोडा वेळ तसंच राहिलं. ते तिच्यापर्यंत जाऊन परत येण्याची तो वाट बघत होता. त्याने मान किंचित कलती केली, पुन्हा सरळ केली. एक हात तिच्या दिशेने वर आला आणि अर्ध्यात थांबला. ती बघतच होती. मग त्याचे ओठ हळूहळू मिटले, डोळे मोठे झाले, आणि तो तिच्याकडे नीट निरखून बघू लागला, अनोळखी माणसाकडे बघतात तसं.

उजेड चमकला.

“झालं,” फोटोवाला हळूच म्हणाला. “हा कुणी परत करणार नाही.”

प्रिंटर घरघरू लागला. जावई चादरीतून बाहेर आला, केस विस्कटलेले, चेहरा घामाने भिजलेला. पोर त्याच्या मांडीवर तसंच बसलं होतं; आता मागे कोण आहे हे त्याला कळत होतं, पण ते वळलं नाही, रडलंही नाही. फोटोवाल्याने फोटो कापले, पाकिटात घातले आणि पाकीट जावयाच्या हातात दिलं. “पळा. पाच मिनिटांत पोचाल. त्यालाही घेऊन जा, एखाद्या वेळी बघायला मागतात.”

“आई, तुम्ही येताय ना?” जावई म्हणाला. त्याने पोराला छातीशी धरलं होतं, बरंचसं बरोबर, कमरेखाली एक हात. “आई, थँक्यू. आई?”

मावशीने स्टुलावरची चादर उचलली. तिला त्याची लाळ लागली होती. तिने चादरीची टोकाला टोकं जुळवली, एक घडी घातली, दुसरी घातली. बापाच्या खांद्यावरून पोर तिच्याकडे बघत होतं, तोंड मिटून, अजून तसंच, तिच्या चेहऱ्यावर काहीतरी येईल म्हणून. तिने घडी स्टुलावर ठेवली, दाराशी काढलेल्या चपलांत पाय घातले, आणि बाहेर पडून ती कचेरीच्या उलट्या दिशेने निघून गेली.